माटोळीखालचा उंदीर: गोव्याच्या हवेत घरच्या घरी स्टॉप-मोशन

स्टॉप-मोशन म्हणजे बाहुली थोडीथोडी हलवत एकेक फोटो काढायचा आणि ते फोटो जोडून फिल्म करायची. ते शिकवणारे बहुतेक व्हिडिओ बाहुली कशी हलवायची ते सांगतात. माझ्या मते ते दुसऱ्या नंबरचं काम. पहिलं काम म्हणजे जे आपण हलवलेलं नाही ते हलू न देणं: प्रकाश, टेबल, कॅमेरा, पडद्याची कड, आरशीतलं प्रतिबिंब. गोव्यात ते जास्तच जड जातं. पावसाळ्यात प्लायवूड फुगतं, मे महिन्यात मेणमाती बोटाला चिकटते, दुपारी एक ढग आला की खोलीचा रंगच पालटतो आणि वीज कधी जाईल याचा नेम नाही. दुसऱ्या बाजूने पाहिलं तर चवथीच्या, म्हणजे गणेशचतुर्थीच्या, मूर्ती घडवणारे, दिवाळीतल्या नरकासुराचे सांगाडे बांधणारे, शिगम्याचे (होळीच्या सणाचे) चित्ररथ उभे करणारे हात इथे वाड्यावाड्यावर आहेत. बाहुली करायला शिकवणारा माणूस शोधत लांब जावं लागत नाही. बाकीचं या लेखात.

उदाहरणादाखल एक छोटी फिल्म घेऊ. चवथीची रात्र. घर झोपलंय, समई मंद जळतेय. मूर्तीशेजारचा मातीचा उंदीर कान हलवतो, पाटावरून उतरतो, नैवेद्याच्या ताटातली एक नेवरी (करंजी) उचलतो. तेवढ्यात माटोळीचा, म्हणजे मूर्तीवर टांगलेल्या फळांच्या चौकटीचा, नारळ धपकन खाली येतो. उंदीर पळत जागेवर जाऊन पूर्वीसारखा उभा राहतो, फक्त तोंडात नेवरी. संपलं. पुढची प्रत्येक पायरी याच फिल्मच्या आधारे सांगतो.

## आधी हिशेब

चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमचा. हाताने केलेल्या कामात एक फोटो दोन फ्रेम दाखवतात, म्हणजे सेकंदाला १२ फोटो. डोळ्याला ते पुरतं आणि हाताने केल्याची किंचित थरथर राहते, ती मला तरी हवीच असते. २० सेकंद म्हणजे २४० फोटो. वाटणी अशी: आरास आणि स्थिर उंदीर ३ सेकंद, कान-मान ३, उतरून चालणं ४, नेवरीला हात ३, नारळ २, पळ आणि शेवट ५.

सहा शॉट, सहा चित्रं. पोस्टकार्डाएवढ्या कागदांवर पेन्सिलीने काढा, मोबाइलवर फोटो घ्या आणि ठरलेल्या वेळेप्रमाणे एकापुढे एक लावून व्हिडिओ करा. कंटाळवाणी जागा इथेच कळते आणि कापायला फुकट असते. २४० फोटो काढून झाल्यावर कापताना जीव तुटतो.

वेळापत्रकाचंही आत्ताच बघा. चवथ भाद्रपदात, म्हणजे ऑगस्ट-सप्टेंबरात. चवथीला फिल्म दाखवायची तर शूटिंग ऐन पावसात येतं. म्हणून माती, लाकूड, रंग यांची सगळी कामं एप्रिल-मेमध्ये उरका आणि पावसाळ्यासाठी फक्त फोटो काढणं ठेवा. पावसात रंग वाळवत बसू नये.

## काय कशाचं करायचं

गोव्यात पहिला विचार चिकणमातीचाच येतो. डिचोली हे कुंभारकामाचं जुनं गाव, आणि चवथीआधी कुठल्याही चित्रशाळेत, म्हणजे मूर्तिकाराच्या कारखान्यात, गेलात तर ओळखीवर मातीचा गोळा मिळतो. पण ही माती सुकते, सुकताना आकसते आणि तडकते. न हलणाऱ्या वस्तूंसाठी ती उत्तम: छोटी मूर्ती, पाट, ताट, तांब्या, माटोळीची फळं. रोज वाकवायच्या उंदरासाठी ती बाद.

रंगीत मेणमाती, म्हणजे शाळेत मिळणारी तेलकट क्ले, कधीच सुकत नाही. पण मे महिन्यात दिव्यांखाली ती इतकी मऊ पडते की मान धरायला गेलं की मानेत बोट रुततं. थोडं मेण घालून ती कडक करता येते: उकळत्या पाण्याच्या भांड्यात दुसरं भांडं ठेवून क्ले वितळवा, मेणाचा चुरा थोडाथोडा घाला, ओतून थंड करा. थेट विस्तवावर ठेवू नका, पेट घेईल. रंग हाताळताना पांढऱ्यापासून सुरुवात करून काळ्याकडे जायचं. उलट गेलात तर पांढरा रंग दहा मिनिटांत राखाडी होतो.

मग उंदीर कशाचा? आत तारेचा सांगाडा, वर स्पंज, त्यावर कापड. चेहरा, हाताचे पंजे आणि नेवरी तेवढी मेणमातीची. कापडावर बोटांचे ठसे उमटत नाहीत, गरमीने ते वितळत नाही आणि दमटपणातही टिकतं. मखमल किंवा लांब केसांचं फरचं कापड मात्र टाळा. प्रत्येक स्पर्शाने केस वेगळ्या दिशेला पडतात आणि पडद्यावर उंदीर उकळल्यासारखा दिसतो. जुना सुती पंचा, फिक्कट चहात बुडवून वाळवलेला, हे माझं आवडतं कापड आहे. नक्षी हवी असेल तर छोटी घ्या. दहा सेंटिमीटरच्या उंदराला कुणबी लुगड्याची चौकट अंगभर एकच येते आणि तो लगेच खेळणं वाटू लागतो.

## सांगाडा

इथे घाई करू नका. फिल्ममध्ये पुढे येणाऱ्या निम्म्या अडचणींचं मूळ सांगाड्यात असतं.

तार ॲल्युमिनियमचीच. वाकवली की तिथेच राहते. बांधकामाची लोखंडी बाइंडिंग वायर उसळी मारते आणि इथल्या खाऱ्या हवेत गंजून कापडावर डाग पाडते. तांबं वाकवत गेलं की कडक होत जातं आणि मोडतं. क्राफ्टच्या दुकानात दीड-दोन मिलिमीटरची मऊ ॲल्युमिनियम तार मिळते. ती नसेल तर इलेक्ट्रिकलच्या दुकानात ॲल्युमिनियमची सर्व्हिस वायर मागा, वरचं प्लास्टिक सोला आणि वाकवून पाहा. सहज वाकून तिथेच राहिली तर घ्या.

उंदीर खऱ्या मापाचा, समोरून, कागदावर काढा. दहा सेंटिमीटर उंची पुरे. एका पायाच्या तळव्यापासून कमरेतून, पाठीतून डोक्यापर्यंत आणि परत दुसऱ्या पायापर्यंत तार मोजा, चार बोटं जास्त घ्या. आता एकेरी जाड तारेऐवजी दुहेरी बारीक तार पिळून वापरा. एक टोक पकडीत धरा, दुसरं ड्रिल मशिनच्या तोंडात, आणि सावकाश फिरवा. एका सेंटिमीटरला दोन-तीन पिळे पुरतात. जास्त पीळ दिला तर तार आधीच थकते. पिळलेली तार मोडली तरी एक पदर शिल्लक राहतो आणि शॉट वाचतो.

हात वेगळ्या तारेचे, छातीशी गुंडाळलेले. शेपटी एकाच पदराची, एक मिलिमीटरची, कारण तिला वजन उचलायचं नाही, नुसतं वळायचं आहे.

मग हाडं. एम-सीलचे (वाळून कडक होणाऱ्या इपॉक्सी लांबीचे) दोन्ही भाग मळून छातीवर, कमरेवर आणि दोन सांध्यांच्या मधल्या भागावर पातळ थर द्या. गुडघा, घोटा, कोपर, खांदा आणि मान या जागी आठ-दहा मिलिमीटर तार उघडी सोडायची. वाकायचं ते फक्त तिथेच. सगळी तार उघडी ठेवली तर मांडी मधूनच वाकते आणि उंदराला हाड नाही हे बघणाऱ्याला कळतं. एम-सील रात्रभर वाळू द्या.

पाय सर्वांत महत्त्वाचे. तळव्याच्या एम-सीलमध्ये तीन मिलिमीटरचा नट बसवा. नटच्या आट्यांत एम-सील शिरू नये म्हणून आधी त्यात व्हॅसलिन लावलेला स्क्रू घाला आणि वाळल्यावर काढा. जमीन सहा मिलिमीटर प्लायवूडची करायची, तिला साडेतीनचं भोक पाडायचं आणि खालून स्क्रू घालून पाय आवळायचा. असा आवळलेला उंदीर एका पायावर, पुढे झुकून, शेपटी हवेत ठेवून रात्रभर उभा राहतो. गोंद, दोन्ही बाजूंनी चिकटणारी टेप, पायाखाली क्लेचा गोळा, हे उपाय दमट हवेत दोन-चार फोटोंनंतर सोडून देतात. लोहचुंबकाची पद्धत मला स्क्रूच्या खालोखाल आवडते: जमिनीला पातळ लोखंडी पत्रा, त्याखालून जोरदार चुंबक आणि तळव्यात लोखंडी चकती. उंदीर पळणार असेल तर तीच सोयीची, कारण भोकं पाडत बसावं लागत नाही.

पावलं कुठे पडणार ते आधी पेन्सिलीने मारा आणि फक्त तेवढीच भोकं पाडा. वापरून झालेलं भोक जमिनीच्या रंगाच्या मेणमातीने बुजवायचं. सारवलेल्या जमिनीचा हिरवट तपकिरी किंवा जुन्या घरांतला लाल सिमेंटचा रंग घेतलात तर भोकं लपवणं सोपं जातं.

सगळं बांधून झालं की स्पंज चढवण्याआधीच सांगाडा बसवा, उठवा, वाकवा. गुडघा मोडायचाच असेल तर तो आत्ता मोडू दे. आणि शक्य असेल तर दोन सांगाडे करा. गुडघ्याची तार थकते, कितीही जपलंत तरी.

## आरास

माटोळी खरी म्हणजे लाकडी चौकट, तिला नारळ, सुपारीचे घोस, तोरिंजन, कांगलां आणि रानातल्या वेली बांधलेल्या. सेटवर चौकट बांबूच्या कामट्यांची. इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्या: फळं दोऱ्याने टांगायची नाहीत. दोऱ्यावरचं फळ तुमच्या श्वासानेही झुलतं आणि पुढच्या फोटोपर्यंत थांबत नाही. पडद्यावर सगळी माटोळी थरथरते. प्रत्येक फळ ताठ तारेवर लावा आणि त्या तारेला दोऱ्याचा रंग द्या. झुलवायचं असेल तेव्हा तार वाकवून तुम्ही झुलवाल.

खरी पानं, फुलं, फळं वापरण्याचा मोह होतो. शूटिंग चार-पाच दिवस चालतं. तोवर आंब्याचं पान कोमेजतं, वळतं, काळं पडतं, आणि पडद्यावर ते सगळं काही सेकंदांत होताना दिसतं. तसला परिणाम मुद्दाम हवा असेल तर गोष्ट वेगळी. दादासाहेब फाळक्यांनी सिनेमा शिकताना वाटाण्याच्या रोपाची वाढ थोड्याथोड्या वेळाने फ्रेम टिपून दाखवली होती, आणि पुढे आगपेटीतल्या काड्या हलवून एक छोटी फिल्मही केली. आपल्याला उंदीर हवा आहे, कोमेजणं नको. पानं कागदाची करा आणि दोन्ही बाजूंनी वॉर्निश मारा, नाहीतर पावसाळ्यात कागद स्वतःच वळायला लागतो. नेवरी तर खरी बिलकूल नको. गोडाला मुंग्या येतात, आणि मुंग्या कधीच फ्रेमच्या बाहेरून जात नाहीत.

मोठ्या वस्तूंसाठी, म्हणजे मखर, भिंत, दरवाजा यांसाठी, नरकासुराचीच पद्धत: कामट्यांचा सांगाडा, वर वर्तमानपत्राचे खळ लावलेले थर, शेवटी पांढरा कागद आणि रंग. गल्लीतल्या नरकासुराच्या मंडळात एखादा मुलगा असतोच ज्याला हे डोळे मिटून येतं. त्याला बोलवा. चहा पाजा.

टेबल जड हवं. हलकं असेल तर खालच्या फळीवर दोन-तीन चिरे ठेवा. जमीन तळमजल्याची हवी. जुन्या घरातल्या लाकडी माडीवर कोणी चाललं तरी कॅमेरा हलतो.

## प्रकाश

गोव्यातल्या जुन्या घरांच्या खिडक्यांना काचेऐवजी शिंपल्या बसवलेल्या असतात. त्यातून येणारा मऊ दुधी उजेड पाहून कुठल्याही चित्रकाराचा हात शिवशिवेल. त्या उजेडात शूटिंग करू नका. सूर्य सरकतो, ढग येतात, आणि तीन तासांच्या कामाचे चार सेकंद झाले की त्यात पूर्ण दुपार पळताना दिसते. खिडकी काळ्या जाड कापडाने बंद करा, दाराच्या फटीही बुजवा. तो शिंपल्यांचा उजेड हवाच असेल तर दिव्यापुढे थोडं अंतर ठेवून बटर पेपर ताणून लावा. जवळपास तसाच दिसतो आणि रात्री बारा वाजताही मिळतो.

दिवे एलईडीच घ्या. फारसे तापत नाहीत, त्यामुळे मेणमाती वाचते. चांगल्या ड्रायव्हरचे (आतल्या वीज नियंत्रित करणाऱ्या सर्किटचे) एलईडी व्होल्टेज थोडं वरखाली झालं तरी एकसारखे जळतात, जुना पिवळा बल्ब मात्र शेजाऱ्याने पंप लावला की मंदावतो. डिमर लावू नका. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे साधे दिवे सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. डोळ्याला कळत नाही, पण कॅमेऱ्याला कळतं. म्हणून शटर, म्हणजे कॅमेरा किती वेळ उघडा राहतो ते, १/५० किंवा १/२५ सेकंद ठेवा, किंवा सरळ अर्धा सेकंद. बाहुली स्थिरच आहे, लांब शटरने काही बिघडत नाही, उलट लुकलुक त्यात विरून जाते. १/२५० वगैरे ठेवलंत तर फोटोगणिक उजेड वेगळा येईल.

एक मुख्य दिवा डावीकडून, उजवीकडे थर्माकोलचा पांढरा तुकडा उजेड परतवायला. एवढंच पुरे. समईसाठी पिवळा छोटा एलईडी, आणि ज्योतीसाठी कागदाचे चार आकार, फोटोगणिक बदलायचे. क्रम ठरावीक ठेवू नका, नाहीतर ज्योत यंत्रासारखी फडफडते. खरी वात लावायची नाही. ती आपल्या मर्जीने जळते आणि कापडाचा सेट शेजारीच असतो.

कपडे गडद घाला. पांढरा शर्ट घालून एकदा टेबलाजवळ आणि एकदा लांब उभं राहिलात तर उंदराच्या गालावरचा उजेड त्याप्रमाणे बदलतो. फोटो घेताना दरवेळी एकाच जागी उभं राहायचं. जमिनीवर टेपने फुली मारा.

## कॅमेरा, किंवा मोबाइल

मोबाइल चालतो. स्टॉप-मोशनचं ॲप घ्या, ज्यात मागचा फोटो पुसट दिसतो आणि फोकस, उजेड, व्हाइट बॅलन्स हाताने लॉक करता येतात. एचडीआर, ब्युटी, सीन ओळखणारी सगळी हुशारी बंद करा. मोबाइल एअरप्लेन मोडवर टाका, नाहीतर ऐन वेळी कोणाचा तरी फोन येऊन सगळं थरथरेल. चार्जरची वायर पहिल्या फोटोआधीच लावून टेपने बांधा. मध्येच लावायला गेलात तर फ्रेम सरकली म्हणून समजा. बटण ब्लूटूथच्या रिमोटने दाबायचं, स्क्रीनला हात नाही.

डीएसएलआर असेल तर सगळं मॅन्युअल, लेन्समधला कंप-नियंत्रक बंद. एक कमी माहीत असलेली खोच: आजच्या लेन्सचं छिद्र (ॲपर्चर) प्रत्येक फोटोला नव्याने मिटतं आणि अगदी किंचित वेगळं मिटतं, त्यामुळे उजेड लुकलुकतो. छिद्र पूर्ण उघडं ठेवा, किंवा ज्यावर छिद्राची कडी हाताने फिरते अशी जुनी लेन्स वापरा. लॅपटॉपला जोडून काम करायचं तर ड्रॅगनफ्रेम हे या व्यवसायात सगळीकडे चालणारं सॉफ्टवेअर आहे, पण पहिल्या फिल्मसाठी ते विकत घ्यायची घाई नको.

ट्रायपॉडचे पाय जमिनीला हॉट ग्लूने चिकटवा. कॅमेरा कामाच्या टेबलावर कधीच ठेवायचा नाही. आणि पंखा बंद. हो, मे महिन्यातही. म्हणून रात्री काम करा.

## हलवणं

आता खरी मजा. नेवरीकडे जाणारा हात घ्या. हात ३० मिलिमीटर पुढे जायचा आहे, आठ फोटोंत. प्रत्येक फोटोला समान अंतर सरकवलं तर हात लिफ्टसारखा जाईल. सरकवा असं: १, २, ४, ६, ७, ५, ३, २. बेरीज तीसच, पण हात हळू सुटतो, मध्ये वेग घेतो, नेवरीशी येऊन मंदावतो. त्याच्या आधी दोन फोटोंत हात उलट दिशेला किंचित मागे घ्या. माणूस काही उचलण्याआधी नकळत तेच करतो.

किती सरकलं हे मोजायला मेणमातीच्या गोळ्यात रोवलेली एक वाकडी तार ठेवा. हलवण्याआधी तारेचं टोक उंदराच्या नाकाला टेकवा. मग उंदीर हलवा. नाक आणि टोक यांच्यात पडलेली फट म्हणजे तुमचं अंतर. फट बघितली की तार उचलून फ्रेमबाहेर ठेवा आणि मग फोटो. तार उचलायची विसरू नये म्हणून तिला लाल कापडाचा तुकडा बांधा, स्क्रीनवर लगेच डोळ्यात भरतो.

पडणाऱ्या नारळाला वेगळं गणित. पडताना अंतर १, ३, ५, ७ असं वाढतं. उंची १६ सेंटिमीटर असेल तर चार फोटोंत बरोबर खाली येतो. जड वाटायला हवा असेल तर फोटो वाढवा पण प्रमाण तेच ठेवा. जमिनीला लागल्यावर एकदा किंचित उसळी, आणि त्याच फोटोत उंदराचे कान ताठ. नारळ हवेत असताना तो मागून तारेवर धरायचा. शॉट सुरू करण्याआधी रिकाम्या सेटचा एक फोटो घेऊन ठेवा, तार नंतर त्यावरून पुसता येते. हा फोटो घ्यायचं सगळ्यांत जास्त विसरलं जातं.

चालण्यात एका पावलाला सहा फोटो. पाय उचलण्याआधी कंबर उभ्या पायावर न्यायची, मगच दुसरा पाय सुटतो. हे केलं नाही तर उंदीर तरंगतो. शिगम्यात डिचोली-सत्तरीकडे घोडेमोडणी पाहिली असेल तर ती आठवा, नसेल तर पुढच्या वर्षी मोबाइलवर टिपून आणा. कमरेला बांधलेला घोडा नर्तकाच्या थोडा मागाहून वळतो, झालर त्याहून मागाहून, आणि नर्तक थांबला तरी झालर थांबत नाही. उंदराची शेपटी अशीच: अंग वळल्यावर दोन फोटोंनी शेपटीचं मूळ, आणखी दोन फोटोंनी टोक.

स्थिर उभा असतानाही उंदीर मेलेला दिसू नये. सेकंदभर काहीच हललं नाही तर फिल्म अडकल्यासारखी वाटते. मिशीचा एक केस, कानाचं टोक, गालावरची क्ले बोटाने अर्धा मिलिमीटर दाबणं, एवढं पुरतं. पहिल्या शॉटमध्ये मात्र उलट. तिथे तो मातीचाच वाटला पाहिजे, म्हणून हलते ती फक्त ज्योत.

एक शॉट एका बैठकीत संपवा. रात्री अर्धवट सोडलेला सेट सकाळी तोच नसतो. लाकडाने ओल शोषलेली असते, कॅमेरा केसभर खाली झुकलेला असतो, आणि पालीने माटोळीवरून फेरफटका मारलेला असतो. मध्येच वीज गेली तर कशालाही हात लावू नका. आल्यावर एक चाचणीचा फोटो घ्या, शेवटच्या फोटोशी ताडून बघा, मगच पुढे. दिव्यांना इन्व्हर्टर जोडलेला असेल तर उत्तम.

## उंदीर बोलणार असेल तर

शेवटी त्याने ‘एकच घेतली’ म्हणायचं ठरवलं, तर आवाज आधी रेकॉर्ड करा. तोंडं नंतर. मराठीला सात तोंडं पुरतात, मेणमातीची पातळ, नाकाखाली चिकटवायची: मिटलेलं प, ब, भ, म यांना, मोठं उघडं आ ला, अर्धं उघडं अ आणि ए ला, रुंद इ-ई ला, गोल उ, ऊ, ओ ला, खालचा ओठ दाताला लावलेलं व ला, आणि जीभ वर लागलेलं त, द, न, ल, ळ यांना. क, ग, ह यांना वेगळं तोंड नको, शेजारच्या स्वराचंच चालतं.

लिहिलेल्या वाक्यावरून तोंडं लावू नका, कानाने ऐकून लावा. ‘एकच’ मध्ये शेवटच्या च चा स्वर कोणी उच्चारत नाही, तिथे तोंड उघडलं तर उंदीर परदेशी वाटेल. आवाज १२ भागांच्या सेकंदात मांडा आणि कुठल्या फोटोला कुठलं तोंड ते कागदावर लिहा. तोंड आवाजाच्या एक फोटो आधी आलं तर बरोबर वाटतं, नंतर आलं तर कधीच नाही. मिटलेलं तोंड किमान एक पूर्ण फोटो दिसलंच पाहिजे, बाकी थोडं इकडेतिकडे झालं तरी खपतं.

## ताल

घुमट, म्हणजे गोव्याचं मातीचं तालवाद्य, वाजवणारा कोणी ओळखीत असेल तर त्याच्याकडून साधा ठेका आधी वाजवून घ्या आणि उंदराची पावलं त्यावर बसवा. मिनिटाला १२० ठोके म्हणजे ठोक्याला सहा फोटो, बरोबर एक पाऊल. ९० ठोके म्हणजे आठ फोटो. १०० ठोक्यांना ७.२ फोटो येतात, तिथे पाऊल आणि ठोका एकमेकांना सोडतात. तेव्हा वाजवणाऱ्याला लय आधी सांगा आणि मेट्रोनोम (ठरल्या लयीत टकटक देणारं यंत्र किंवा ॲप) ऐकवून वाजवायला लावा. नारळाच्या आवाजासाठी खरा नारळ सारवलेल्या जमिनीवर टाका. नेवरी चावण्याचा आवाज खऱ्या नेवरीचा, आणि हे काम कोणी नाकारत नाही.

## जोडणी आणि जपणूक

फोटो क्रमाने एका फोल्डरमध्ये ठेवा, शॉटला एक फोल्डर. डाविंची रिझॉल्व्ह या व्हिडिओ जोडण्याच्या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते: फोटोंची मालिका सेकंदाला १२ म्हणून आत घ्या, टाइमलाइन २४ ची ठेवा, प्रत्येक फोटो आपोआप दोन फ्रेम दिसतो. नारळाची तार पुसायला जिम्प हे फोटो सुधारण्याचं फुकट सॉफ्टवेअर चालतं: रिकाम्या सेटचा फोटो खाली, शॉटचा फोटो वर, आणि तारेपुरता वरचा भाग खोडायचा. थोडी लुकलुक राहिली असेल तर सॉफ्टवेअरने कमी होते, सरकलेला कॅमेरा मात्र सहसा सुधारत नाही. शूट आडव्या चौकटीत करा, पण उंदीर मधल्या भागात ठेवा, म्हणजे मोबाइलसाठी उभी चौकट कापून घेता येईल. पणजीत २००४ पासून साधारण नोव्हेंबरात इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, भरतो, त्या दिवसांत गावात फिल्म बघणारी आणि बोलणारी माणसं सहज भेटतात. पहिली मोठी प्रेक्षकसभा मात्र घरच्या अंगणातच घ्या, भिंतीवर चादर लावून, आरती झाल्यावर. कुठल्या जागी लोक हसले आणि कुठे पाणी प्यायला उठले, ते टिपून ठेवा.

उंदीर फेकू नका. पंजे आणि चेहऱ्याची मेणमाती काढून वेगळ्या डबीत ठेवा, नाहीतर तिचं तेल कापडात झिरपतं. अंग झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या दोन पुड्यांसह. लेन्सही तशाच डब्यात, कारण इथे एका पावसाळ्यात काचेवर बुरशीचे जाळे धरतात. सिलिका जेलचे रंगीत दाणे ओल पिऊन रंग बदलले की मंद आचेवर तव्यात परतून घ्या, पूर्वीच्या रंगावर आले की पुन्हा वापरा. त्यासाठी जुना तवा वेगळा ठेवा, स्वयंपाकाचा नको. डब्यावर तारेची जाडी, कापडाचा रंग आणि कुठला गुडघा कमजोर झालाय ते लिहा. दुसरी फिल्म करताना तीच चिठ्ठी सर्वांत आधी लागते.